वाचलेल्यांची साक्ष

म्हैसूर शहरात राजवाड्याच्या पूर्वेस नजरबाद नावाचा भाग आहे. चामुंडीचा डोंगर तेथून सहज दिसतो. मराठी कानाला त्या नावातील 'नजर' प्रथम ऐकू येते आणि आजच्या विषयाची सुरुवात तेथूनच करावी असे मला वाटले. टिपू सुलतानाने १७८७ च्या सुमारास जुन्या म्हैसूरचा किल्ला पाडला आणि त्याचे दगड थोड्या अंतरावरील या उंचवट्यावर आणून नवे ठाणे उभारावयास घेतले, ते हे नजरबाद. पुढे १७९९ मध्ये श्रीरंगपट्टण पडले, टिपू मारला गेला, वोडेयरांचे राज्य पुन्हा स्थापन झाले आणि तेच दगड उचलून मूळ जागी परत नेण्यात आले. अवघ्या बारा वर्षांत एका गावाच्या दगडांचा दोनदा प्रवास झाला, ही हकीकत आपणांस जुन्या गॅझेटियरात वाचावयास मिळते. मात्र ज्यांची घरे त्यापायी उठली आणि ज्यांच्या पाठीवरून ते दगड गेले, त्यांचे म्हणणे त्या गॅझेटियरात नाही. राज्यकर्त्यांच्या हालचाली लिहून ठेवल्या गेल्या. सोसणाऱ्यांना कोणी विचारले नाही.

अशा माणसांना विचारावे, त्यांचे उत्तर त्यांच्याच मुखाने नोंदवून घ्यावे आणि ते पुढील पिढ्यांसाठी जपून ठेवावे, ही कल्पना जगात तशी नवी आहे. अनुबोधपटाने ती प्रत्यक्षात आणली. वंशसंहारातून किंवा तत्सम अत्याचारांतून जीव वाचलेली माणसे कॅमेऱ्यासमोर बसून आपली कहाणी सांगतात, तेव्हा नेमके काय घडते, ते कसे घडवून आणावे लागते आणि त्यात धोके कोणते असतात, हे आज पाहावयाचे आहे. त्यासाठी फार दूर जावयास नको. म्हैसूरहून मडिकेरीला जाणारी बस हुणसूर आणि पिरियापट्टण मागे टाकून कुशालनगरच्या अलीकडे बैलकुप्पे येथे येते. नजरबादपासून हे अंतर सुमारे ऐंशी किलोमीटर भरेल. येथे रस्त्याच्या कडेला मक्याची शेते लागतात आणि त्या शेतांपलीकडे तिबेटी प्रार्थनापताका फडफडताना दिसतात.

दलाई लामा मार्च १९५९ मध्ये ल्हासा सोडून भारतात आले. त्यांच्यामागून हजारो तिबेटी हिमालय ओलांडून आले. त्यांतील पुष्कळांनी आरंभी हिमाचल, सिक्कीम या भागांत रस्ते बांधण्याची खडतर मजुरी केली. तत्कालीन म्हैसूर राज्याने बैलकुप्पे येथे सुमारे ३,००० एकर जमीन देऊ केली आणि १९६०–६१ मध्ये 'लुगसुंग सामदुपलिंग' या पहिल्या वसाहतीला प्रारंभ झाला. जमीन म्हणजे वस्तुतः दाट जंगल होते. थंड पठारावर वाढलेल्या माणसांना येथील उन्हाळा, पाऊस, रोगराई आणि रात्री झोपड्यांवर येणारे रानटी हत्ती, या सर्वांशी एकदमच झुंजावे लागले. १९६९ मध्ये शेजारी 'दिक्यी लारसो' ही दुसरी वसाहत झाली. पुढच्या वर्षी सेरा मठाची पुनःस्थापना येथे झाली. आज यात्रेकरू आणि पर्यटक येथील सोनेरी मूर्ती पाहून परततात. पण या वस्तीचा खरा ठेवा तिच्या मठांत नव्हता, तर तिच्या वृद्धांच्या स्मरणात होता, असे माझे मत आहे; आणि तो ठेवा दर हिवाळ्यागणिक कमी होत गेला.

येथे एका शब्दाविषयी आधी स्पष्ट बोलले पाहिजे. 'वंशसंहार' हा शब्द आपण सैलपणे वापरतो, कायदा तो तसा वापरू देत नाही. राफाएल लेमकिन या पोलिश ज्यू कायदेपंडिताने या अर्थाचा मूळ शब्द १९४४ मध्ये घडविला. संयुक्त राष्ट्रांनी ९ डिसेंबर १९४८ रोजी त्यासंबंधीचा करार स्वीकारला आणि भारताने तो ऑगस्ट १९५९ मध्ये, म्हणजे तिबेटी निर्वासितांचे लोंढे येत होते त्याच वर्षी, मान्य केला. राष्ट्रीय, वांशिक किंवा धार्मिक गट, गट म्हणूनच नष्ट करण्याचा हेतू सिद्ध झाला पाहिजे, ही त्या कराराची मुख्य अट आहे. तिबेटच्या बाबतीत आंतरराष्ट्रीय विधिज्ञ आयोगाने एक चौकशी समिती नेमली होती. तिचे अध्यक्ष होते पुरुषोत्तम त्रिकमदास, मुंबईच्या समाजवादी चळवळीतले पुढारी आणि सर्वोच्च न्यायालयातील नामांकित वकील. समितीने १९६० च्या अहवालात असा निष्कर्ष काढला की, तिबेटी लोकांना एक धार्मिक समाज म्हणून नष्ट करण्याच्या प्रयत्नात वंशसंहाराची कृत्ये घडली. परंतु एक वंश किंवा राष्ट्र या नात्याने त्यांचा संहार झाला, असे म्हणावयास पुरेसा पुरावा नाही, हेही तिने त्याच ठिकाणी नोंदविले. चीनने हे आरोप सतत फेटाळले आहेत. हा काटेकोरपणा मला त्या अहवालाचे मोठे बळ वाटतो. ज्याला सर्व काही सिद्ध झालेच आहे असे म्हणण्याची घाई नाही, त्याच्यावर विश्वास ठेवता येतो.

त्या समितीपुढील पुरावा काय होता? त्यात मोठा वाटा निर्वासितांच्या जबान्यांचा होता. कोणा खेडुताने, कोणा भिक्षूने सांगितले, दुभाषाने ते भाषांतरित केले, लिहिणाऱ्याने इंग्रजीत उतरवून घेतले. अहवालाच्या जोडपत्रांत त्या जबान्या आज वाचता येतात. त्या वाचताना मन सुन्न होते. तरीही वकिली भाषेच्या इस्त्रीखाली सगळ्यांचा आवाज एकसारखा झाला आहे, ही गोष्ट लपत नाही. जबानी देणारा कोठे थांबला, कोणत्या शब्दाशी अडखळला, काय सांगण्याचे त्याने टाळले, हे त्या कागदावर उरलेले नाही.

बैलकुप्प्याचे रान तोडले जात होते त्याच सुमारास, १९६१ च्या एप्रिलमध्ये, जेरुसलेमला आडोल्फ आइखमनवरील खटला सुरू झाला. न्युरेंबर्गचा खटला मुख्यतः नाझींच्या स्वतःच्या कागदपत्रांवर चालला होता. जेरुसलेमचे सरकारी वकील गिडिऑन हाउझनर यांनी मात्र शंभरांवर साक्षीदार उभे केले आणि लिओ हर्विट्झ या अमेरिकन दिग्दर्शकाच्या देखरेखीखाली, न्यायालयात आडोशाला ठेवलेल्या कॅमेऱ्यांनी त्यांचे चित्रण झाले. जूनमध्ये एक लेखक साक्ष देत असता बोलता बोलता पिंजऱ्यातच बेशुद्ध होऊन कोसळला. न्यायालयाच्या दृष्टीने ती साक्ष अपुरी राहिली. पण ते चित्रण ज्यांनी पाहिले, त्यांना त्या अपुरेपणानेच पुष्कळ सांगितले. वाचलेल्या माणसाचे शरीरही साक्ष देते, ही जाणीव तेथून पसरली.

तिचा सर्वांत कठोर वापर क्लोद लान्झमान या फ्रेंच दिग्दर्शकाने 'शोआ' या चित्रपटात केला. सुमारे अकरा वर्षे खपून तयार केलेला हा साडेनऊ तासांचा अनुबोधपट १९८५ मध्ये प्रदर्शित झाला. त्यात जुन्या चित्रफितींचा एकही तुकडा नाही. आहेत ती आजची माणसे आणि आजच्या जागा. त्यातील एक प्रसंग जगभर चर्चिला गेला. अब्राहम बोंबा या माणसाला ट्रेब्लिंका छावणीत, वायुकोठडीत जाणाऱ्या स्त्रियांचे केस कापावे लागले होते. लान्झमानने त्याला तेल अवीव येथील एका केशकर्तनालयात उभे केले आणि गिऱ्हाइकाचे केस कापता कापता बोलते केले. एका आठवणीपाशी तो थांबला. त्याला पुढे बोलवेना. दिग्दर्शकाने कॅमेरा थांबविला नाही. सांगितलेच पाहिजे, असा आग्रह धरला. बोंबा अखेर बोलला. हा आग्रह मला खटकतो. त्या मिनिटांशिवाय 'शोआ' उणा झाला असता, हेही मला नाकारता येत नाही. या दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत आणि त्यांची एकमेकींशी वजाबाकी करता येत नाही.

आता बैलकुप्प्याकडे परत येऊ. कॅलिफोर्नियातून चालणाऱ्या 'तिबेट ओरल हिस्टरी प्रोजेक्ट' या उपक्रमाने दलाई लामांच्या प्रेरणेने भारतातील वसाहतींमधून वृद्ध तिबेटींच्या शेकडो मुलाखती चित्रित केल्या आणि त्यांतील मोठा भाग बैलकुप्पे येथे घेतला. १९५९ पूर्वीचे खेडे, याकांचे कळप, मठातील बालपण, मग सैन्याचे आगमन, सार्वजनिक चौकशीसभांतून झालेल्या मारहाणी, पळून येताना वाटेत गमावलेली मुले, असा त्यांचा विस्तार असतो. या मुलाखतींची पद्धत मला 'शोआ'च्या अगदी उलट टोकाची वाटते. आरंभीच वृद्धाला सांगितले जाते की, आपल्याला थांबावेसे वाटले तर थांबता येईल, एखाद्या प्रश्नाचे उत्तर द्यावयाचे नसेल तर तसे सांगावे. शेवटी विचारले जाते की, ही मुलाखत तिबेटात किंवा चीनमध्ये दाखविली तर आपणांस काही अडचण होईल काय, आणि आपले खरे नाव वापरावे काय.

हे दोन प्रश्न ऐकावयास साधे आहेत. पण उत्तर देणाऱ्याच्या जागी क्षणभर बसून पाहावे. त्याची बहीण, तिची मुले कदाचित अजून पलीकडे आहेत. येथे नाव उच्चारले तर तेथे कोणाच्या दारावर थाप पडेल? ही भीती काल्पनिक नाही. धोंडुप वांगचेन या तिबेटी गृहस्थाने २००७–०८ मध्ये एका भिक्षूच्या साहाय्याने तिबेटी प्रदेशात फिरून शंभरांहून अधिक सामान्य लोकांच्या मुलाखती चित्रित केल्या. त्यांतून 'लीव्हिंग फिअर बिहाइंड' हा सुमारे पंचवीस मिनिटांचा अनुबोधपट तयार झाला. चित्रफिती देशाबाहेर पोहोचल्या, पण मार्च २००८ मध्ये त्याला अटक झाली आणि सहा वर्षांची शिक्षा भोगून तो २०१४ मध्ये सुटला. साक्ष देणे आणि साक्ष नोंदविणे, दोन्हींची किंमत असते. आणि ती पडद्यासमोर बसणाऱ्या आपल्यासारख्यांना द्यावी लागत नाही, म्हणून तिचा विसर पडतो.

दुसरी अडचण भाषेची. प्रश्नकर्ता इंग्रजीत विचारतो, दुभाषा तिबेटीत सांगतो, वृद्ध आपल्या बोलीत उत्तर देतो. तिबेटी ही एकच भाषा असे आपण समजतो. पण खाम, आम्दो आणि मध्य तिबेट येथील बोली एकमेकींपासून इतक्या दूर आहेत की, बैलकुप्प्यात जन्मलेल्या नातवालाही आजोबांचे काही शब्द कळत नाहीत. दुभाषाने अशा वेळी काय करावे? वृद्धाने एकाच वाक्यात तीनदा 'मग आम्ही चाललो' म्हटले, तर भाषांतरात ते एकदा घालावे की तीनदा? चांगला दुभाषा तीनदाच घालतो, कारण त्या चालण्याचा पल्ला त्या पुनरुक्तीत असतो. घाईत काम करणारा 'ते दीर्घकाळ चालत होते' असे लिहितो आणि मोकळा होतो. असे गुळगुळीत भाषांतर झाले की, अहवालातील त्या एकसुरी जबान्यांपाशीच आपण पुन्हा येऊन पोहोचतो.

काळाचाही घोटाळा होतो. वृद्ध तिबेटी माणूस १९५९ साल म्हणत नाही, तो भू-वराह वर्ष म्हणतो. आपले वयदेखील तो त्या बारा प्राण्यांच्या चक्रावर मोजतो. क्वचित बारा वर्षांची चूक होते. अशा चुकीवर बोट ठेवून सारी साक्षच खोटी ठरविणारे लोक असतात. आपल्याकडची एखादी आजी 'पानशेत फुटले त्या साली' म्हणून सांगू लागली, तर आपण तिला साल बरोबर आठवत नाही म्हणून तिच्या घरात शिरलेले पाणी नाकारतो काय? तारीख पडताळावयाची ती कागदपत्रांवरून. साक्षीतून घ्यावयाचे ते वेगळेच असते: पाणी किती वेगाने चढले, कोणाला हाक मारली, काय उचलले आणि काय राहून गेले. ज्या अनुबोधपटाला हा विवेक असतो, तो एकाच घटनेविषयी पाचसहा जणांना निरनिराळे विचारतो आणि त्यांच्यातील विसंगतीही पडद्यावर ठेवतो.

याच संदर्भात एक निराळी जात सांगितली पाहिजे, ती म्हणजे आपल्याच माणसांनी केलेल्या चित्रणाची. रितू सरीन आणि तेनझिंग सोनम या दांपत्याने १९९८ मध्ये 'द शॅडो सर्कस' हा तिबेटी प्रतिकारयुद्धावरील अनुबोधपट केला. सोनम यांचे वडील ल्हामो त्सेरिंग हे त्या युद्धाच्या संघटकांपैकी एक होते. मुलगा जेव्हा वडिलांच्या सोबत्यांना विचारतो, तेव्हा दुभाषा लागत नाही आणि संकोचाचे कुंपणही पुष्कळसे मोडते. उलट बाजूने, अगदी परक्यापुढेच एखादा माणूस मोकळा होतो, जे त्याने पोटच्या मुलांनाही कधी सांगितलेले नसते. पाल्देन ग्यात्सो या भिक्षूने १९५९ ते १९९२ या काळातील तेहतीस वर्षे तुरुंगांत आणि श्रमछावण्यांत काढली. भारतात येताना त्याने छळाची हत्यारे लाच देऊन मिळविली आणि बरोबर आणली, १९९५ मध्ये जिनीव्हा येथे संयुक्त राष्ट्रांच्या मानवी हक्क आयोगापुढे साक्ष दिली, आणि त्याच्यावर 'फायर अंडर द स्नो' हा अनुबोधपट २००८ मध्ये केला तो माकोतो सासा या जपानी दिग्दर्शकाने. कोणी विचारावे याचा नियम नाही. ऐकून घेण्याची तयारी असणाऱ्यानेच विचारावे, एवढेच म्हणता येईल.

आकाशवाणीवरून हे बोलताना मला एका गोष्टीचा मोह आवरत नाही. 'आकाशवाणी' हे नाव प्रथम म्हैसूरलाच रुजले. प्रा. एम. व्ही. गोपालस्वामी या मानसशास्त्राच्या प्राध्यापकांनी १९३५ मध्ये येथे आपल्या घरी छोटेसे नभोवाणी केंद्र चालू केले, तेच ते केंद्र. आवाजाची महती मी कमी लेखणार नाही. पण नभोवाणीला एक गोष्ट परवडत नाही, ती म्हणजे शांतता. मी आता अर्धे मिनिट गप्प बसलो, तर यंत्रात बिघाड झाला असेच श्रोत्यांना वाटेल. चित्रपटात मात्र माणूस गप्प असताना दिसत राहतो. जपमाळेवरील बोटे थांबतात, नजर खिडकीकडे जाते, ओठ हलतात आणि शब्द येत नाही. साक्षीपटातील अत्यंत महत्त्वाची मिनिटे पुष्कळदा अशी असतात, आणि संकलकाची कात्री नेमकी तीच पहिल्यांदा कापू पाहते.

बोलण्यासाठी ऐकणारा लागतो, याचे सर्वांत चांगले उदाहरण मला बांगलादेशात आढळते. तारेक मसूद आणि कॅथरीन मसूद यांनी १९७१ च्या मुक्तिसंग्रामातील गायकांच्या एका फिरत्या पथकावर 'मुक्तिर गान' हा चित्रपट १९९५ मध्ये काढला. तो खेडोपाडी दाखविला जाऊ लागला, तेव्हा प्रेक्षकांतून माणसे उठून आपल्या गावात काय झाले ते सांगू लागली: कत्तली, जळालेली घरे, स्त्रियांवरील अत्याचार. चित्रपट दाखविणाऱ्यांनी त्यांचे ऐकले आणि त्यांतून १९९९ मध्ये 'मुक्तिर कथा' हा दुसरा अनुबोधपट झाला. अठ्ठावीस वर्षे ती माणसे मुकी नव्हती. त्यांच्यापुढे कोणी बसले नव्हते, इतकेच.

आपल्या मराठी मुलखातही असे एक ठिकाण आहे आणि त्याचा उल्लेख केल्यावाचून राहवत नाही. सोव्हिएत राजवटीने १९४०–४१ मध्ये पोलंडमधून सैबेरिया आणि मध्य आशियाकडे हाकलून दिलेल्या कुटुंबांपैकी सुमारे ५,००० स्त्रिया, मुले आणि वृद्ध कोल्हापूरजवळ वळिवडे येथील छावणीत १९४३ ते १९४८ या काळात राहिले. वंशसंहाराच्या काटेकोर व्याख्येत त्यांची हकीकत बसवावी की नाही, यावर इतिहासकारांचे एकमत नाही. पण उपासमारीने आणि आजाराने वाटेत मेलेल्यांची आठवण त्यांच्याबरोबर होती. त्यांतील मुलांनी पुढे म्हातारपणी आपल्या आठवणी ग्रंथरूपाने एकत्र केल्या. जामनगरजवळच्या बालाचडी छावणीतील पोलिश मुलांवर 'अ लिटल पोलंड इन इंडिया' हा अनुबोधपटही २०१३ मध्ये झाला आणि जगभर विखुरलेले ते वृद्ध त्यात बोलले. २०१९ मध्ये काही जण वळिवड्यास पुन्हा येऊन गेले. हे सर्व चांगलेच झाले. परंतु पोलिश लोक निघून गेल्यावर त्याच बराकींत कोण राहावयास आले? फाळणीने घरदार सुटलेले सिंधी निर्वासित. त्यांची वस्ती म्हणजे आजचे गांधीनगर. कोल्हापूरकर तेथे कापड खरेदीस जातात, भाव करतात, परत येतात. एकाच भिंतीने दोन निर्वासित समाजांच्या हकिकती ऐकल्या. एकीची पुस्तके झाली, दुसरीच्या दुकानाच्या पाट्याच आपण तेवढ्या वाचल्या. फाळणी पाहिलेला माणूस आता नव्वदीच्या आसपास असणार. येथे कॅमेरा घेऊन कोणी बसावयाचे असेल, तर उद्या नव्हे, आज बसावे लागेल.

बैलकुप्प्यातही चित्र पालटले आहे. तरुण मंडळी बंगळूरला, अमेरिकेला, युरोपला निघून जात आहेत. ज्यांनी हिमालय पायी ओलांडला, त्यांच्यापैकी थोडेच उरले आहेत. चित्रित झालेल्या मुलाखती भाषांतरासह उपलब्ध आहेत आणि दूर देशी वाढलेली नातवंडे त्या पाहू शकतात. ज्या आजोबांचे बोलणे घरात असताना कंटाळवाणे वाटले, तेच बोलणे पडद्यावर इंग्रजी अक्षरांच्या आधाराने समजून घ्यावयाचे, असा हा काळाचा खेळ आहे. त्या मुलाखतींतील वृद्धाला शेवटचे दोन प्रश्न विचारले जातात, तेव्हा तो काय म्हणतो हे पाहण्यासारखे असते. बहुतेक जण नाव वापरण्यास संमती देतात. कोणी म्हणतो, मी आता म्हातारा झालो, मला कोण काय करणार. कोणी क्षणभर विचार करतो, पलीकडे राहिलेल्यांची नावे मनात मोजतो, आणि मग नको म्हणून मान हलवितो. ती मान हललेलीही चित्रित झालेली असते.